वीजबिलाचा वाद: देणं वेगळं, तोडणं वेगळं

खांबाला शिडी लागली की खाली जे बोलणं होतं ते बहुतेक सगळीकडे सारखंच असतं. "अहो, बिल चुकीचं आहे, मी कधीच तक्रार दिलीय." त्यावर लाईनमनचं उत्तर: "साहेबांनी यादी दिलीय, त्यात तुमचं नाव आहे. भरून टाका, लगेच जोडतो." दोघंही खरं बोलत असतात आणि पंचाईत तिथेच आहे. बिल खरोखर चुकीचं असू शकतं, पण नुसती तक्रार दिली म्हणून तोडणी थांबत नाही. उलट बाजूही तशीच. पैसे खरोखर देणं असले, तरी त्यासाठी वीज तोडता येतेच असं नाही.

कायद्याच्या लेखी हे दोन प्रश्न आहेत. एक, पैसे लागतात का? दोन, त्या पैशांसाठी वीज तोडता येते का? आपण ते एकत्र कालवतो आणि मग चुकीच्या टेबलावर चुकीचा अर्ज देऊन बसतो. वीज कायदा, २००३ मधलं कलम ५६ हे या दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर आहे. कलम अगदी छोटं, पण एकेका शब्दावरून वर्षानुवर्षं भांडणं चालली आहेत.

त्यात म्हटलंय ते साध्या मराठीत असं: एखाद्याने वीजबिल किंवा वीजपुरवठ्याशी संबंधित दुसरी रक्कम भरण्यात कसूर केली, तर वितरण कंपनी त्याला किमान १५ पूर्ण दिवसांची लेखी नोटीस देऊन पुरवठा तोडू शकते. पैसे आणि तोडण्या-जोडण्याचा खर्च भरेपर्यंत तो तुटलेला राहील. वसुलीसाठी कोर्टात दावा लावायचा कंपनीचा हक्क वेगळा, तो तोडल्यामुळे जात नाही.

जुन्या १९१० च्या कायद्यात हीच मुदत ७ दिवसांची होती. २००३ मध्ये ती दुपटीहून जास्त झाली. ‘पूर्ण दिवस’ म्हणजे नोटीस हातात पडली तो दिवस मोजायचा नाही आणि तोडायचा दिवसही मोजायचा नाही. नोटीस ३ तारखेला मिळाली असेल, तर ४ ते १८ हे पंधरा दिवस तुमचे. शिडी १९ तारखेच्या आधी लागता कामा नये. नोटिशीवरची तारीख आणि ती मिळाल्याची तारीख यात चार-पाच दिवसांचं अंतर सहज असतं, म्हणून पाकीट फेकू नका. त्यावरचा पोस्टाचा शिक्का हा पुरावा असतो.

नोटीस कशी द्यायची हेही त्याच कायद्यात आहे, कलम १७१ मध्ये: सही घेऊन हातात, पोचपावतीच्या रजिस्टर टपालाने, किंवा नियमांनी ठरवून दिलेल्या दुसऱ्या मार्गाने. वाद झालाच, तर नोटीस पोचली हे दाखवायची जबाबदारी कंपनीची. पुष्कळदा बिलावरच बारीक अक्षरात छापलेलं असतं की मुदतीत न भरल्यास हीच नोटीस समजावी. माझं मत विचाराल तर हा युक्तिवाद लंगडा आहे. कलमात आधी ‘भरण्यात कसूर’ येते आणि मग नोटीस. ज्या बिलाची मुदतच अजून संपली नाही, त्यात कसूर झाली कुठून?

इथेच एक सांगून टाकतो. "आज रात्री साडेनऊला तुमची वीज तोडली जाईल, या नंबरवर अधिकाऱ्याशी बोला" असे मेसेज २०२२ च्या सुमारास देशभर फिरले आणि फोन केलेल्या कित्येकांची बँक खाती रिकामी झाली. ज्याला १५ दिवसांचा नियम ठाऊक आहे, त्याला हा मेसेज वाचता क्षणीच खटकेल. कायद्याने आज सांगून आज रात्री थकबाकीसाठी तोडता येत नाही.

बरं, नोटीस न देता तोडलीच तर? ग्राहक इथे जिंकतो, पण अर्धंच. पुरवठा परत जोडून मिळतो, नुकसानभरपाई मागता येते. थकबाकी मात्र जागच्या जागी राहते. नोटिशीतल्या चुकीने तोडणी बेकायदा ठरते, देणं माफ होत नाही. पुन्हा तेच, दोन प्रश्न वेगळे.

कलमातला आणखी एक शब्द माझ्या डोळ्यांत भरतो: ‘अशी व्यक्ती’. कसूर ज्याची, नोटीस त्याला आणि तोडणीही त्याचीच. गावाकडे शेतीपंपांच्या थकबाकीसाठी अख्खी डीपी, म्हणजे अनेक पंपांना वीज देणारा ट्रान्सफॉर्मर, बंद होते, तेव्हा ज्याने बिल नियमित भरलंय त्याचाही कांदा उभ्याउभ्या सुकतो. २०२१ च्या मार्चमध्ये राज्याच्या अधिवेशनात यावरून गदारोळ झाला, तोडणीला स्थगिती मिळाली आणि आठ-दहा दिवसांत उठलीही. राजकारण बाजूला ठेवलं तरी प्रश्न उरतोच: बिल भरलेल्या शेतकऱ्याने कसली कसूर केली? ज्याच्याकडे भरलेल्या बिलाची पावती आहे, त्याच्या तक्रारीला इथे चांगलं वजन आहे.

निषेध नोंदवून भरा

आता सगळ्यात उपयोगाचा आणि सगळ्यात कमी वापरला जाणारा भाग. कलम ५६ (१) ला एक परंतुक, म्हणजे ‘मात्र असं असेल तर’ म्हणणारी अट, जोडलेलं आहे. वाद चालू असताना तुम्ही दोनपैकी जी रक्कम कमी असेल ती निषेध नोंदवून भरली, तर वादाचा निकाल लागेपर्यंत पुरवठा तोडता येत नाही. पहिली रक्कम म्हणजे कंपनीने मागितलेली पूर्ण रक्कम. दुसरी म्हणजे मागच्या सहा महिन्यांत तुम्ही भरलेल्या बिलांच्या सरासरीने होणारी दरमहाची रक्कम.

आकडे घालून बघू. समजा एका घराला अचानक ३८,४०० रुपयांचं एका महिन्याचं बिल आलं. आधीच्या सहा महिन्यांची भरलेली बिलं होती १,१५०, ९८०, १,२४०, १,३१०, १,०६० आणि १,१६०. बेरीज ६,९००, सरासरी १,१५०. म्हणजे वाद चालू असताना त्या महिन्यासाठी ३८,४०० नव्हे, १,१५० भरून वीज चालू ठेवायचा हक्क आहे. वादात दोन महिने असतील तर दोन महिन्यांचे २,३००. पुढची बिलं येत राहतील, ती थांबवून चालणार नाही. इथे घोटाळा करणारे पुष्कळ आहेत: वादाच्या भरात नवीन बिलंही भरत नाहीत आणि मग त्या नव्या थकबाकीसाठी रीतसर नोटीस येते. तेव्हा कोणीच काही करू शकत नाही.

भरणा केंद्रावरचा माणूस म्हणेल, "अर्धवट रक्कम घेता येत नाही, सिस्टिम घेत नाही." ॲपवर तर ‘निषेध’ लिहायला जागाच नसते. म्हणून कागद करायचा. उपविभागाच्या कार्यालयात दोन प्रतींत पत्र द्यायचं: ग्राहक क्रमांक, कोणतं बिल, काय चुकलंय, सहा महिन्यांची सरासरी कशी काढली, आणि एक वाक्य: ‘ही रक्कम कलम ५६ च्या परंतुकानुसार निषेध नोंदवून भरत आहे.’ रक्कम जमा करून घ्या म्हणून लेखी विनंती. दुसऱ्या प्रतीवर शिक्का आणि आवक क्रमांक घ्यायचा. कार्यालयात आवक क्रमांकाशिवायचा कागद म्हणजे हवेत बोललेलं वाक्य. तोंडी "साहेब हो म्हणाले" याला पुढे कुठेच किंमत नाही. साहेब तोवर बदलून गेलेले असतात.

आणि ‘वाद’ खरा हवा. "परवडत नाही" हा वाद नव्हे, ती अडचण. त्यासाठी हप्ते मागायचे, बहुतेक वेळा मिळतात. वाद म्हणजे रीडिंग चुकलं, मीटर पळतोय, दर चुकीचा लावला, दुसऱ्याची थकबाकी माझ्या नावावर आली, असं काहीतरी.

रीडिंगच्या वादात पहिल्यांदा बिलावरचा मीटरचा फोटो बघायचा आणि स्वतःच्या मोबाइलवर त्याच दिवशीचा फोटो काढायचा. बिलावर ‘सरासरी’, ‘लॉक’ किंवा ‘फॉल्टी’ असा शेरा असेल तर रीडिंग घेतलेलंच नाही. २०२० च्या लॉकडाऊनमध्ये नेमकं हेच झालं होतं. मार्चपासून रीडिंग थांबलं, थंडीच्या महिन्यांच्या सरासरीने बिलं गेली आणि जूनमध्ये उन्हाळ्याचे साठलेले सगळे युनिट एकदम अंगावर आले. लोक रस्त्यावर उतरले. अशा बिलात बेरीज बरोबर आहे का हे बघण्याआधी भागाकार बघावा. तीन महिन्यांचे ४५० युनिट एका महिन्याचे धरले, तर शेवटचे दीडशे दराच्या तिसऱ्या, महाग टप्प्यात जातात. दरमहा १५० धरले, तर प्रत्येक महिन्याचे पहिले १०० स्वस्त टप्प्यात आणि उरलेले ५० दुसऱ्यात बसतात. युनिट तेवढेच, रकमेत मात्र चांगलाच फरक पडतो.

मीटर बंदच पडला असेल, तर महाराष्ट्राच्या वीजपुरवठा संहितेत मर्यादा आहे: सरासरीचं बिल जास्तीत जास्त ३ महिन्यांसाठी, तेही आधीच्या १२ महिन्यांच्या मोजलेल्या वापरावर. वर्षभर मीटर बदलला नाही आणि मग वर्षभराचं सरासरी बिल पाठवलं, तर त्यातला बराचसा भाग गळून पडतो.

दोन वर्षांचा घोळ

कलम ५६ चं दुसरं उपकलम लोक अर्धंच ऐकतात. "दोन वर्षांपूर्वीची थकबाकी वसूल करता येत नाही," एवढं कानावर पडलेलं असतं. पूर्ण वाक्य असं: रक्कम पहिल्यांदा देय झाल्यापासून दोन वर्षांनंतर ती वसूल करता येणार नाही, पण ती सतत थकबाकी म्हणून बिलात दाखवली असेल तर येईल. या ‘पण’ने बहुतेकांचा बचाव संपतो. सात वर्षांपूर्वीचं बिल भरलंच नाही आणि ते प्रत्येक बिलाच्या थकबाकीच्या रकान्यात चालत आलंय, तर दोन वर्षांचं नाव काढू नये. मात्र मधली तीन वर्षं बिलात थकबाकी शून्य दिसत होती आणि एक दिवस ती उगवली, तर ग्राहकाची बाजू भक्कम. म्हणून जुनी बिलं रद्दीत घालू नयेत. त्या शून्याच्या रकान्याची किंमत कधी लाखात जाते.

खरी गंमत मात्र अशा रकमेची, जिचं बिलच कधी दिलं नव्हतं. कंपनीच्या हिशेब तपासणीत सापडतं की या ग्राहकाला चुकीचा दर लावला होता किंवा गुणक, म्हणजे मीटरच्या आकड्याला ज्याने गुणायचं तो आकडा, चुकला होता. मग चार-पाच वर्षांचा फरक एकदम मागितला जातो. ही रक्कम ‘पहिल्यांदा देय’ कधी झाली? वीज वापरली तेव्हा, की बिल आलं तेव्हा?

राजस्थानातल्या अजमेर विद्युत वितरण निगमचं प्रकरण यावरून सर्वोच्च न्यायालयात गेलं. जुलै २००९ ते सप्टेंबर २०११ या काळात ग्राहकाला चुकीच्या दरवर्गाने बिलं गेली होती आणि फरकाची मागणी आली मार्च २०१४ मध्ये. १८ फेब्रुवारी २०२० रोजी निकाल लागला. न्यायालय म्हणालं की वीज वापरली की देणं जन्माला येतं, पण ते भरायची वेळ बिल आल्यावर येते. प्रामाणिक चुकीमुळे राहिलेली रक्कम कंपनी नंतरही मागू शकते. पण, आणि हा ‘पण’ ग्राहकाचा, त्या रकमेसाठी वीज तोडता येणार नाही. वसुली करायची तर दावा लावून कायद्याच्या दुसऱ्या वाटेने. देणं जिवंत, तोडणं मेलं. आपल्या दोन प्रश्नांची एवढी स्वच्छ फारकत दुसऱ्या कुठल्या निकालात मी पाहिलेली नाही.

पुढच्याच वर्षी, ५ ऑक्टोबर २०२१ ला, हरियाणातल्या एका सूत उद्योगाचं प्रकरण निकाली निघालं. मोठ्या जोडणीचा मीटर सगळा प्रवाह थेट मोजत नाही, एक ठरावीक हिस्सा मोजतो आणि त्याला गुणकाने गुणून खरा वापर काढतात. इथे गुणक १० हवा होता, बिलात ५ लागत होता. म्हणजे जवळपास तीन वर्षं निम्मंच बिल. फरक निघाला सव्वा कोटीच्या वर. ग्राहकाने याला सेवेतली त्रुटी म्हटलं. न्यायालयाने ते मानलं नाही: हिशेबातून निसटलेली रक्कम नंतर मागणं ही त्रुटी नव्हे. बिलच नव्हतं तर भरण्यात कसूर झाली असंही म्हणता येत नाही, हेही त्या निकालात आहे.

महाराष्ट्रात याच मुद्द्यावर मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाचा मार्च २०१९ चा निकाल आहे. त्यात रक्कम बिल दिल्यावरच देय होते हे मानूनही कंपनीच्या हाताला मर्यादा घातली: पहिल्या मागणीच्या तारखेपासून मागे दोन वर्षांपर्यंतच्या वापराचाच फरक मागता येईल. म्हणून इथला ग्राहक ‘पाच वर्षांचा फरक’ बघून एकदम हबकून जायचं कारण नाही. आधी मागणीची तारीख बघायची, मग मागे २४ महिने मोजायचे आणि त्यापलीकडच्या रकमेवर लेखी हरकत घ्यायची.

दुसऱ्याचं देणं

जुना फ्लॅट किंवा गाळा घेतला, मीटर मागायला गेलं आणि कळलं की आधीच्या मालकाची थकबाकी आहे. "मी वापरलीच नाही ती वीज," हा राग रास्त आहे. १९९५ मध्ये बिहारच्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने खरेदीदाराच्या बाजूने निकालही दिला होता. पण वाट पुढे वळली. १९ मे २०२३ च्या केरळ राज्य वीज मंडळाच्या प्रकरणात न्यायालयाने सांगितलं की आधीची थकबाकी भरल्याशिवाय नवी जोडणी देणार नाही, अशी अट नियमांत असेल तर ती वैध आहे. लिलावात ‘जसं आहे तसं’ घेतलेल्या जागांबद्दल तर न्यायालय बरंच कडक होतं.

महाराष्ट्राचा नियम त्या मानाने मवाळ. थकबाकी जागेवर बोजा म्हणून राहते, पण वारस सोडून इतर नव्या मालकाकडून जास्तीत जास्त ६ महिन्यांच्या न भरलेल्या आकारापुरतीच ती घेता येते. मुलाला वडिलांची सगळी थकबाकी लागते, विकत घेणाऱ्याला सहा महिन्यांची. फ्लॅट घेताना सोसायटीचा दाखला लोक न चुकता मागतात. शेवटचं वीजबिल मागायला विसरतात.

भाडेकरूंसाठी दोनच गोष्टी. घरमालकाने संमतीपत्र नाकारलं एवढ्यावरून भाडेकरूला वीज नाकारता येत नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने २०२२ मध्ये म्हटलंय. वीज ही मूलभूत गरज आहे, हे त्याच निकालातलं. आणि घर खाली करून घ्यायला मालकाने स्वतःच फ्यूज काढला, तर तो कलम ५६ चा मामलाच नाही. त्याला महाराष्ट्र भाडे नियंत्रण कायद्याचं कलम २९ लागतं आणि दाद कोर्टात मागायची.

वीजचोरीचा आरोप असेल तर वर सांगितलेलं बहुतेक सगळं विसरा. कलम १३५ मध्ये १५ दिवस वगैरे नाहीत, तिथे पुरवठा तत्काळ तोडतात आणि २४ तासांत पोलिसांत तक्रार द्यावी लागते. आकारलेली रक्कम भरली तर ४८ तासांत जोडून द्यावं लागतं. अनधिकृत वापराचा, म्हणजे घरगुती मीटरवर दुकान चालवण्यासारखा प्रकार असेल तर कलम १२६. दुप्पट दराने आकारणी, आणि अपिलाला ३० दिवस, तेही निम्मी रक्कम भरून. नोटिशीवर कोणतं कलम लिहिलंय हे म्हणूनच सर्वांत आधी वाचायचं. १२६ आणि १३५ ची प्रकरणं ग्राहक तक्रार निवारण मंचासमोर चालत नाहीत. लोक तिथे चार महिने घालवतात आणि अपिलाची मुदत हातची जाते.

बाकीच्या वादांची वाट सोपी आहे. आधी कंपनीकडेच लेखी तक्रार. तिथे दाद मिळाली नाही तर ग्राहक तक्रार निवारण मंच. कलम ४२ खाली प्रत्येक वितरण कंपनीला तो स्थापावाच लागतो. वादाचं कारण घडल्यापासून दोन वर्षांत तिथे जायचं. तोडणीची टांगती तलवार असेल तर मूळ अर्जासोबतच अंतरिम आदेशाची, म्हणजे निकालापर्यंत तोडणी थांबवायची, मागणी करायची. ती वेगळी लिहिली नाही, तर मंच आपणहून देईल या भरवशावर राहू नये. मंचाचा निकाल पटला नाही तर ६० दिवसांत विद्युत लोकपाल. महाराष्ट्रात त्यांची कार्यालयं मुंबई आणि नागपूरला आहेत.

आणि वीज तोडून झालीच असेल, तर कलम ५६ (१) च्या मुख्य वाक्यातले शेवटचे दोन-तीन शब्द वाचावेत: तोडणी पैसे भरेपर्यंतच, ‘त्याहून अधिक काळ नाही’. मागितलेली रक्कम आणि जोडणीचा खर्च भरल्यावर "उद्या बघू, माणूस नाही" याला कायद्यात जागा नाही. रक्कम निषेध नोंदवून भरली असेल तर मंचातला वाद तिने मिटत नाही, तो पुढे चालवता येतो. पावतीची छापील प्रत काढा, तिच्यावर वेळ असते. मग फोन करा, तक्रार क्रमांक घ्या आणि शिडी परत कधी लागली, तीही वेळ त्याच पावतीच्या मागे लिहून ठेवा.